थर कमी, घड्या जास्त : दमट हवेत कपड्याला घेर आणि उठाव देण्याच्या पद्धती

गोव्यात पावसाळ्यात जाड कपडा दोरीवर तीन-तीन दिवस ओलसर राहतो, आणि एप्रिल-मेमध्ये तोच कपडा अंगावर अर्ध्या तासात घामाने भिजतो. त्यामुळे व्हिडिओत पाहिलेला चार थरांचा फ्रॉक इथे जसाच्या तसा शिवला, तर फोटोत छान दिसतो आणि घालणारी पोर मात्र आरती संपायच्या आत रडकुंडीला येते. इथल्या हवेत एक धोरण ठेवलेले बरे: घेर किंवा उठाव हवा असेल, तर तो एकाच कापडाला चुणी, प्लीट किंवा टक (शिवून पक्की केलेली घडी) घालून मिळतो का, हे आधी पाहावे. तसा नाहीच मिळाला, तरच दुसरा थर घालावा. चुण्यांच्या घेरात खालून हवा खेळते. अंगाला चिकटून बसलेल्या दोन थरांत घाम अडकतो. मात्र चुण्यांचा सगळा जाडपणा कमरेच्या शिलाईत गोळा होतो, त्यावरचा इलाज पुढे दिला आहे.

शिवायच्या आधी कापड आटवून घ्या

थरांच्या कपड्याची निम्मी दुखणी इथेच सुरू होतात. वरचे सुती कापड आटते, आतले पॉलिस्टरचे अस्तर आटत नाही, आणि दुसऱ्या धुण्यानंतर अस्तर खालून डोकावू लागते. सुती कापड पहिल्या धुण्यात साधारण ३ ते ५ टक्के आटते, हातमागाचे त्याहून जास्तही आटू शकते. अंदाजावर न जाता ३० सें.मी.चा चौकोन कापा, धुवा, वाळवा, इस्त्री करा आणि पुन्हा मापा. २९ सें.मी. भरला, तर ७० सें.मी. लांबीचा फ्रॉक दोन सें.मी.हून जास्त आखूड होणार हे आधीच कळते.

कापड आणि अस्तर दोन्ही साध्या पाण्यात रात्रभर भिजत घाला, न पिळता वाळत टाका आणि किंचित ओलसर असतानाच उलट बाजूने, उभ्या धाग्याच्या दिशेने इस्त्री करा. हातमागाच्या कापडात खळ असते. ती निघाली की दुकानात ताठ आणि भरीव वाटलेले कापड मऊ आणि विरळ होते. म्हणून अस्तर लागेल की नाही, हे खळ गेल्यावरच ठरवा.

लाल आणि गडद निळ्या रंगाची वेगळी परीक्षा घ्या. पांढरे ओले फडके कापडावर जोरात घासा. डाग आला, तर पाणी स्वच्छ निघेपर्यंत कापड वेगळे धुवा आणि पांढरे अस्तर टाळा. मिठाच्या पाण्याने रंग पक्का होतो असे घरोघरी सांगतात, त्यावर विसंबू नका. तयार कापडाचा रंग घरच्या मिठाने बसत नाही.

नंतर आडवा धागा तपासा. कापडाच्या तोंडाला छोटी चीर द्या, एक आडवा धागा ओढून काढा आणि त्या रेघेवर कापा. आता घडी घातल्यावर कोपरे जुळत नसतील, तर कापड तिरके झालेले असते. दोघांनी समोरासमोरचे आखूड कोपरे धरून उरेबमध्ये (तिरक्या दिशेने) ताणले की ते सरळ होते. हे टाळून प्लीट घातल्या, तर इस्त्री कितीही केली तरी त्या एका अंगाला वळतात.

सुई मलमल आणि वॉइलला ११ नंबरची, साध्या सुती कापडाला १४ ची आणि चार-पाच थर एकत्र येतात तिथे १६ ची घ्या. खुणेसाठी अंगाच्या साबणाची वाळलेली पातळ चकती सर्वांत चांगली, धुतली की खूण जाते. मेणाचा खडू हलक्या रंगाच्या कापडावर नको. इस्त्री लागली की त्याचा तेलकट डाग राहतो.

थर लावायचाच असेल तर कोणता

अस्तर दोन प्रकारे लागते. फ्रॉक, स्कर्ट, परकर यांना सुटे अस्तर: वरचा आणि आतला कपडा वेगवेगळा शिवून गळ्यात किंवा कमरेत जोडतात, खाली दोन्ही मोकळे राहतात. ब्लाउजला जोडअस्तर: प्रत्येक तुकडा आधी त्याच्या अस्तराला कच्च्या टाक्याने जोडून मग दोन्हीचे मिळून एकच कापड असल्यासारखे शिवतात. सुटे अस्तर लवकर वाळते. जोडअस्तराचे कापड फिटिंगला भक्कम असते, पण दोन थर एकमेकांना चिकटलेले राहतात, म्हणून पावसाळ्यात शिलाईतल्या मार्जिनला (टिपेबाहेर सोडलेल्या कडेला) बुरशीचे काळे ठिपके प्रथम तिथेच दिसतात. रोज वापरायच्या कपड्याला जोडअस्तर फक्त पाठ-पोटापुरते ठेवा, बाह्या बिनअस्तराच्या चालतात.

अस्तराला मलमल किंवा रुबिया घ्या. सँटून आणि पॉलिस्टर क्रेप दुकानदार आग्रहाने दाखवतो, कारण ते चकचकीत दिसते, पण घाम शोषत नाही. सुती अस्तराला एक खोड आहे, तीही सांगायला हवी: सुतीवर सुती घासते, आणि चालताना अस्तर पायात गोळा होऊन वर चढते. त्यावर उपाय म्हणजे अस्तराला चुण्या न घालता ते सरळ, ए आकाराचे कापायचे, गुडघ्यापर्यंतच ठेवायचे आणि दोन्ही बाजूंना १५ सें.मी.चे काप सोडायचे.

जोडअस्तर असे लावा:

१. दोन्ही कापडे एकाच कागदावरून, उभा धागा एकाच दिशेने ठेवून कापा. अस्तर वाचवायला ते आडवे कापले, तर दोन्ही वेगळे ताणतात आणि पाठीवर तिरक्या सुरकुत्या पडतात.

२. अस्तर खाली, मूळ कापड वर, दोघांच्या उलट बाजू एकमेकांना लागतील असे ठेवा. मग तुकडा गुंडाळलेल्या टॉवेलवर पसरा, कारण अंगही सपाट नसते. बाहेरच्या थराला वळणात थोडे जास्त कापड लागते, त्यामुळे अस्तराची कडा बाजूंना २-३ मि.मी. बाहेर येईल. ती तेवढी कापून टाका. सपाट टेबलावर कडा तंतोतंत जुळवून शिवले, तर घातल्यावर अस्तर आत फुगते आणि वरचे कापड ओढल्यासारखे दिसते.

३. कडेपासून ६-७ मि.मी.वर दीड-दोन सें.मी. लांबीचे कच्चे टाके घाला. मार्जिन १ सें.मी. असेल, तर हे टाके आतच राहतात, काढावे लागत नाहीत.

४. छातीच्या टक्सच्या (उभारासाठी घातलेल्या टोकदार घड्यांच्या) मधल्या रेषेवरही कच्चा धावदोरा घाला, मगच टक्स शिवा. नाहीतर मशीनखाली अस्तर सरकते आणि टोकाला पिशवी येते.

शिलाईत तीन-चार थर आले, की त्या सगळ्यांची मार्जिन एका रेषेत कापू नका. एक ३ मि.मी., दुसरी ६, तिसरी ९ अशी पायरी करा आणि सर्वांत रुंद मार्जिन बाहेरच्या कापडाच्या बाजूला ठेवा. इस्त्रीत कड उमटत नाही. गळ्याच्या वळणावर सेंटिमीटर-दीड सेंटिमीटरवर खाचा द्या, टिपेच्या २ मि.मी. अलीकडे थांबा. मग सगळी मार्जिन अस्तराकडे वळवून शिलाईपासून २ मि.मी.वर अस्तरावरूनच एक टीप मारा. गळ्यातून अस्तर बाहेर डोकावते ही तक्रार बहुतेकदा ही एक टीप वाचवल्यामुळे येते. आणखी खात्री हवी तर अस्तराचा गळा कापतानाच कडेने २ मि.मी. कमी ठेवा.

कॉलर किंवा पट्टीला फ्यूजिंग (ताठपणासाठी इस्त्रीने चिकटवायचे कापड) लावायचे असेल, तर इस्त्री घासू नका. एका जागी १०-१५ सेकंद दाबा, उचला, पुढच्या जागी ठेवा, आणि गार होईपर्यंत तुकडा हलवू नका. धुतल्यावर फुगे येतात ते दोन कारणांनी: कापड आधी आटवलेले नसते किंवा दाब कमी पडलेला असतो. फ्यूजिंग नेहमी कापडापेक्षा पातळ निवडा.

अस्तराचा घेर खाली वरच्या कपड्यापेक्षा २-३ सें.मी. आखूड ठेवा. उरेब घेर असेल, तर कपडा एक पूर्ण दिवस हँगरला टांगून मगच खालची दुमड मारा. उरेब भाग स्वतःच्या वजनाने उतरतो, आणि पावसाळ्यात जास्तच. शिवल्यादिवशी सरळ असलेला घेर चौथ्या दिवशी वाकडा दिसला, तर दोष हाताचा नसतो, घाईचा असतो.

चुण्या

किती कापड घ्यायचे, हे कापडाच्या जाडीवर आहे. जाड सुतीला तयार मापाच्या दीडपट, पॉपलीन-कॅम्ब्रिकला दुप्पट, मलमल, वॉइल आणि नेटला अडीच ते तीनपट. जाड कापडाला तीनपट घातले, तर चुण्या बसत नाहीत, कंबर मात्र दोरखंड गुंडाळल्यागत जाड होते. कंबर ५८ सें.मी. आणि कापड कॅम्ब्रिक असेल, तर ११६ सें.मी. घेर लागेल. पन्हा (कापडाची रुंदी) ११२ सें.मी.चा आहे म्हणून दोन पन्हे पूर्ण जोडण्याचा मोह होतो, पण तो जवळजवळ चौपट होतो. ६० सें.मी.चे दोन तुकडे कापा.

मशीनचा टाका ४-५ मि.मी. ठेवा, म्हणजे इंचाला पाच-सहा टाके. वरच्या दोऱ्याचा ताण सैल करा. मार्जिन १ सें.मी. असेल, तर कडेपासून ६ मि.मी.वर एक आणि १४ मि.मी.वर दुसरी टीप घाला. पक्की शिलाई या दोघींच्या मधून जाईल, त्यामुळे चुण्या उभ्या आणि सारख्या राहतात. एकाच टिपेवर काम भागवले, तर चुण्या आडव्या पडतात. वॉइलसारख्या कापडावर खालच्या टिपेची भोके उरतात, तिथे दोन्ही टिपा मार्जिनच्या आत, ५ आणि ८ मि.मी.वर घ्या.

घेराचे आणि कमरेचे आठ-आठ समान भाग करून खुणा करा. घेर खुणेला खूण लावून टाचा आणि मग बॉबिनचा दोरा ओढा. वरचा ओढलात तर तुटेल, कारण ताण सैल केल्यावर बॉबिनचा दोरा खाली सरळ पडलेला असतो आणि तोच सरकतो. शिवताना चुण्यांची बाजू वर ठेवा आणि टाका पुन्हा अडीच मि.मी.वर आणायला विसरू नका. दाबणीपुढे टोकदार काडीने चुण्या सारख्या करत जा. शेवटी खालची टीप उसवा. इस्त्रीचे फक्त टोक चुण्यांच्या आत न्यायचे, वरून दाबले की चुण्या मेल्याच.

झालर दोन-तीन मीटरची असेल, तर ओढताना दोरा अर्ध्यात तुटणार हे धरूनच चाला. त्याऐवजी कडेला गरवायचा बारीक नायलॉन दोरा ठेवा आणि त्याच्यावरून ३-४ मि.मी. रुंद झिगझॅग चालवा. सुई नायलॉनमध्ये शिरता कामा नये. एक टोक गाठीने पक्के करा, दुसरे ओढा. बाजारात मासेमारीचे सामान विकणाऱ्याकडे हा दोरा मिळतो आणि शिवून झाल्यावर ओढून काढून पुन्हा वापरता येतो.

थरांची झालर लावताना प्रत्येक थर आधीच्या दीडपट घ्या. कंबर ५६, तर पहिला थर ८४, दुसरा १२६, तिसरा १८९ सें.मी. दुप्पट करत गेलात, तर तिसऱ्याच थराला ४४८ सें.मी. लागतील आणि त्या वजनाने वरच्या शिलाया ओढल्या जातील. प्रत्येक जोडाची मार्जिन वरच्या, सपाट थराकडे वळवून वरून एक टीप मारा.

कमरेचा जाडपणा उतरवायचा सोपा उपाय म्हणजे चुण्या कमरेत घ्यायच्याच नाहीत. कमरेखाली १० ते १२ सें.मी.चा सपाट योक (वरच्या भागाचा वेगळा तुकडा) कापा आणि चुण्या त्याच्या खालून सुरू करा. पोट भरलेल्या बाईला हा कट जास्त शोभतो, आणि नेफ्यात घाम साचत नाही.

प्लीट आणि काठाचा परकर

प्लीट पूर्ण भरीव हव्या असतील, तर कापड तिप्पट लागते: एक भाग दिसतो, दोन भाग आत जातात. कंबर ६० सें.मी. आणि दिसणारी प्लीट ३ सें.मी.ची, तर २० प्लीट. प्रत्येकीला ९ सें.मी. म्हणजे १८० सें.मी., अधिक जोडाची मार्जिन. बॉक्स प्लीटचाही हिशेब हाच, फक्त आतली घडी दोन बाजूंना वाटली जाते.

खूण करताना घडीची खोली फक्त १ मि.मी. चुकली, तर ती प्लीट २ मि.मी. कापड जास्त खाते, आणि २० प्लीटमध्ये ४ सें.मी.चा फरक पडतो. म्हणून टेपने एकेक प्लीट मोजत पुढे जाऊ नका, चूक साठत जाते. पुठ्ठ्याची ३ सें.मी. आणि ९ सें.मी.ची खूण असलेली पट्टी करा आणि प्रत्येक खूण मागच्या टोकापासून न घेता सुरुवातीच्या काठापासून तपासा. एवढे करूनही कंबर दीड सें.मी. मोठी आली, तर ती एका प्लीटमध्ये गिळू नका. पंधरा प्लीट अर्धा-अर्धा मि.मी. खोल केल्या, की कोणाला कळत नाही.

पन्ह्यांचा जोड येतो तिथे शिलाई आतल्या घडीत लपवा. सुती कापडाच्या प्लीट एका धुण्यात विरतात, त्यामुळे घडीच्या आतल्या कडेने १-२ मि.मी.वर टीप मारून घ्या. पॉलिस्टर मिसळलेल्या कापडात गरम इस्त्रीची घडी टिकते. शाळेच्या गणवेशाच्या स्कर्टला ते कापड वापरतात ते याचसाठी.

चवथीला मुलींना काठाचे परकर-पोलके शिवायचे, तर इथे एक सोय आपोआप मिळते. काठ खाली यावा म्हणून कापड आडवे वापरतो. पन्हा हीच परकराची लांबी होते, आणि घेराची दिशा थानाच्या लांबीची असते. त्यामुळे जोड न येता हवा तेवढा घेर मिळतो. खाली दुमड नको, लांबी कमी करायची ती वरून, कमरेकडून करा. साडीचा पन्हा मुलीच्या परकराला जास्तच होतो, वरून उरलेल्या पट्टीत कंबरपट्टी निघते. गुळेदगुड्डचा खण अरुंद पन्ह्याचा असतो. सहा-सात वर्षांच्या मुलीला तो पुरतो, मोठ्या मुलीला कमरेशी साध्या कापडाचा योक जोडावा लागतो.

पिनटक आणि वाढीचे टक

पिनटकचे, म्हणजे अगदी बारीक टकचे, गणित सोपे आहे: टक जेवढा रुंद त्याच्या दुप्पट कापड आत जाते. ३ मि.मी.चे दहा टक म्हणजे ६ सें.मी. पण योक आधी कापून त्यात ६ सें.मी. वाढवायचे, हा हिशेब कागदावरच जमतो; कापडावर काही मि.मी. इकडेतिकडे होतातच. मोठा चौकोनी तुकडा घ्या, टक घाला, इस्त्री करा आणि मग त्यावर कागद ठेवून योक कापा. दोन्ही बाजूंचे टक मध्यावर जुळतात, खांद्याचा उतारही बिघडत नाही.

टकची रेघ खडूने आखण्यापेक्षा कापडातला एक उभा धागा ओढून काढा. राहिलेली बारीक रेघ खडूपेक्षा सरळ असते. त्यावर घडी घाला, इस्त्री करा, कडेपासून २-३ मि.मी.वर २ मि.मी.च्या टाक्याने शिवा. सगळे टक एकाच टोकाकडून सुरू करा. एक वरून आणि पुढचा खालून शिवला, तर दोन्ही वेगळ्या दिशांना ओढले जातात आणि योक चौकोनाचा समांतरभुज होतो. दोन सुयांची जोडसुई लावून पटापट पिनटक घालता येतात, पण त्यासाठी झिगझॅग मशीन हवे, ज्यात सुई समोरून ओवली जाते. घराघरांतली जुनी काळी सरळ टिपेची मशीन बाजूने ओवतात. तिथे जोडसुई चालत नाही, उगाच विकत घेऊ नका.

वाढत्या मुलीच्या फ्रॉकला घेरावर, खालच्या दुमडीपासून ५ सें.मी. वर, दीड सें.मी. रुंदीचे दोन आडवे टक घाला. प्रत्येकात ३ सें.मी. लपते, म्हणजे पुढच्या वर्षी सहा सें.मी. लांबी हाती राहते. ही टीप ३ मि.मी.च्या मोकळ्या टाक्याने मारा, उसवायला सोपी. टक उघडल्यावर आतल्या पट्टीचा रंग गडद आणि बाहेरचा उन्हाने उडालेला, असा पट्टा दिसतो. त्यावर अरुंद लेस बसवली की तो नक्षीत जातो. छापील गडद कापडापेक्षा पांढऱ्या आणि चौकड्यांच्या कापडावर वाढीचे टक जास्त बरे दिसतात, ते याच कारणाने.

कुणबी चौकड्यांवर स्मॉकिंग

कुणबी साडीचे तांबडे चौकड्यांचे सुती कापड अनेक वर्षे विस्मृतीत गेले होते. फॅशन डिझायनर वेंडेल रॉड्रिक्स (१९६०-२०२०) यांनी ते पुन्हा लोकांच्या नजरेत आणले. मूळ साडी खांद्यावर गाठ मारून, शिलाईशिवाय नेसतात. त्या कापडाचे फ्रॉक, ब्लाउज शिवणाऱ्यांना त्यात एक वेगळा फायदा आहे: स्मॉकिंगला (चुण्या हाताच्या टाक्यांनी बांधून केलेल्या नक्षीला) लागणारी ठिपक्यांची जाळी कापडावर विणूनच आलेली असते.

आधी चौकडी मापा. हातमागावर उभी आणि आडवी मोजणी क्वचितच सारखी भरते, त्यामुळे चौकोन प्रत्यक्षात किंचित लांबट असतो. फरक १०-१५ टक्क्यांपर्यंत असेल, तर चालतो, घरे जराशी उभट दिसतात. चौकडी लहान असेल, तर दोन किंवा तीन घरे मिळून साधारण १ ते दीड सें.मी.चे अंतर धरा. ठिपके म्हणजे रेघांचे छेद.

कापड तयार मापाच्या सव्वादोनपट घेऊन सुरुवात करा, पण आधी २० सें.मी.चा नमुना शिवून तो किती भरतो ते पाहा. प्रत्येक कापडाची आणि प्रत्येक हाताची ओढ वेगळी असते, नमुना टाळून केलेला हिशेब हमखास फसतो. दोरा सहापदरी कशिद्याचा, त्यातले तीन पदर.

मधाच्या पोळ्यासारखी घरे येणारा टाका असा घालतात. दोन ओळी धरा, वरची आणि खालची. सुई वरच्या ओळीच्या पहिल्या ठिपक्यातून वर काढा. दुसऱ्या ठिपक्याचे दोन-तीन धागे उचला, मग पहिल्याचे, आणि दोन्ही जवळ ओढा. तिथेच एक टाका परत घालून पक्के करा. आता सुई कापडाच्या मागून खालच्या ओळीच्या दुसऱ्या ठिपक्याशी आणा. इथे दोरा ओढू नका, सपाट राहू द्या. खालच्या ओळीचा दुसरा आणि तिसरा ठिपका एकत्र ओढा. पुन्हा मागून वर, वरच्या ओळीचा तिसरा आणि चौथा. असे वर-खाली करत ओळ संपवा. खालच्या दोन ओळी पुढच्या फेरीत.

मागून जाताना दोरा आवळला, तर दोन ओळी एकमेकींकडे ओढल्या जातात आणि योक उभ्यात आखूड होतो. नवख्या हाताची ही सगळ्यात मोठी चूक. आणि गाठीचे आखूड शेपूट अंगाला टोचते, म्हणून गाठ मारून १ सें.मी. दोरा ठेवा आणि शेवटी योकच्या मागे पातळ मलमलचा तुकडा हातशिलाईने लावा. स्मॉकिंग केलेल्या भागाला इस्त्री ठेवायची नाही. उलट बाजूने वाफ द्या, हाताने सारखे करा.

हाताने एवढे करायला वेळ नसेल, तर इलॅस्टिक दोऱ्याचे शिरिंग आहे. दोरा बॉबिनवर न ताणता, हाताने गुंडाळा. वर साधा दोरा, टाका ४ मि.मी., ओळींमध्ये १ सें.मी. अंतर. दुसऱ्या ओळीपासून कापड दोन्ही हातांनी सपाट ताणून धरा, नाहीतर चुण्यांवर चुण्या शिवल्या जातात. एक चेतावणी: घाम, ऊन आणि गरम इस्त्रीने हे रबर सैल पडते. दोन-अडीच वर्षांच्या पलीकडे टिकवायचा कपडा असेल, तर हाताचे स्मॉकिंगच करा.

कॅनकॅन

चर्चमधल्या लग्नातली फ्लॉवर गर्ल असो की वाढदिवसाचा फ्रॉक, कॅनकॅनशिवाय (घेर फुगवणाऱ्या कडक नायलॉन जाळीशिवाय) मागणी पुरी होत नाही. टोचण्याची तक्रार टाळायची, तर क्रम असा ठेवा: अंगाशी मलमल, मग कॅनकॅन, त्यावर अस्तर, सर्वांत वर नेट किंवा ऑर्गंझा. कॅनकॅन कमरेपासून घालू नका. मलमलच्या पेटीकोटवर कमरेखाली १५ सें.मी. सोडून तो शिवा. कंबर बारीक राहते आणि फुगीरपणा हवा तिथे येतो. खालच्या कडेला उरेब पट्टीची गोट घाला, नाहीतर नायलॉनच्या कडा पायांना ओरबाडतात.

हा पेटीकोट फ्रॉकला जोडूच नका. वेगळी कंबरपट्टी, एक हूक, एवढे पुरे. विधी आणि फोटो झाले, की मुलीला तो काढून मोकळे खेळता येते, आणि धुण्यात वरचा फ्रॉक वेगळा निघतो.

धुताना, वाळवताना

थरांचा कपडा नेहमी उलटा करून वाळत घाला आणि सुटे अस्तर चिमट्याने वेगळे धरा, म्हणजे दोन थरांत वारा जातो. कमरेची शिलाई सगळ्यात शेवटी वाळते. बोटांनी दाबून ती थंड लागली, तर अजून ओल आहे. पावसाळ्यात घेराकडून इस्त्री फिरवून झाल्यावर कपडा लगेच कपाटात ठेवू नका. इस्त्रीची वाफ चुण्यांत अडकलेली असते. तासभर पंख्याखाली टांगा. परकर आणि प्लीटचे स्कर्ट घडी न घालता टांगलेले बरे. उरेब घेराचे मात्र सैल घडी घालून सपाट ठेवा, टांगले तर घेर पुन्हा उतरतो. कॅनकॅनचा पेटीकोट जुन्या सुती उशीच्या खोळीत घालून ठेवा. प्लास्टिकच्या पिशवीत ओल कोंडते आणि पुढच्या समारंभाला तो काढाल, तेव्हा कंबरपट्टीवर ठिपके आलेले असतात.